पेवातलं पाणी: आईअण्णांसोबत उश्मालचा एक दिवस

मेक्सिकोतल्या मेरिदाला पोचेपर्यंत मी अण्णांना सांगितलंच नव्हतं की उद्याच्या दिवसासाठी फक्त आपल्या तिघांना म्हणून गाडी आणि गाइड ठरवलाय. आधी सांगितलं असतं तर त्यांनी पहिले पैसे विचारले असते, मग त्याचे रुपये केले असते आणि मग म्हणाले असते, तुम्ही मायलेकी जावा, मी बसतो खोलीवर. माण तालुक्यातला माणूस आहे, पाणी आणि पैसा दोन्ही मोजून वापरायची सवय आयुष्यभराची. पण मला हे असंच करायचं होतं आणि का ते सांगते.

दोन वर्षांपूर्वी मी मैत्रिणींसोबत चिचेन इत्साला, म्हणजे तिथल्या मूळच्या माया लोकांच्या जुन्या शहरात, गेले होते, कानकूनहून बसच्या ग्रुप टूरने. पहाटे निघालो तरी वाटेत चार हॉटेलांवर माणसं गोळा करत, मग एका मोठ्या दुकानात तासभर थांबवून आम्ही तिथे पोचलो ते भर बारा वाजता. गाइड माइकवरून दोन भाषांत तेच तेच सांगत होता आणि आम्हाला प्रत्यक्ष बघायला मिळाला दीड तास. इतकी जुनी, इतकी मोठी जागा, आणि मी तिथून चारपाच फोटो सोडले तर काही घेऊन आले नाही याची रुखरुख राहिली. तेव्हाच ठरवलं होतं की परत माया लोकांचं काही बघायला जाईन तर निवांत जाईन, कुणीतरी जाणकार सोबत घेऊन. आणि यावेळी तर आईअण्णा सोबत होते, आई माळकरी, गुडघे दुखणारी, अण्णा सत्तरीला टेकलेले.

ते दोघं ह्यूस्टनला माझ्याकडे सहा महिन्यांसाठी आले होते. अमेरिकेचा चालू व्हिसा असेल तर मेक्सिकोचा वेगळा व्हिसा लागत नाही, आणि ह्यूस्टनहून मेरिदाला थेट विमान दोन तासांत जातं, त्यामुळे मे महिन्याच्या सुरुवातीला चार दिवस काढले. मे म्हणजे तिकडचा सगळ्यात कडक उन्हाळा, सगळे म्हणत होते डिसेंबरात जा, पण डिसेंबरात ते परत गेलेले असणार होते. म्हटलं ऊन काय, म्हसवडचं ऊन बघितलेली माणसं आहेत.

गाइड शोधायला मी आम्ही उतरणार त्या गेस्टहाऊसच्या मालकीणबाईंना मेसेज केला. त्यांनी एक नंबर दिला, पन्नाशीचे गृहस्थ, सरकारी परवाना असलेले, स्वतःची गाडी, इंग्रजी चांगलं, आणि घरची बोली माया. मी आधीच्या अनुभवावरून सगळं विचारून घेतलं, की गेटवरची तिकिटं तुमच्या पैशात धरलीत की वेगळी, गाडीला एसी आहे ना, गाडी तुम्हीच चालवणार की ड्रायव्हर वेगळा, आणि मुख्य म्हणजे वाटेत कुठल्याही दुकानात थांबायचं नाही, चालेल का. त्यांनी सगळ्याची सरळ उत्तरं दिली, तिकिटं वेगळी, जेवण वेगळं, बाकी सगळं आत. आणि मग त्यांनी मला उलट विचारलं, आईवडिलांचं वय काय, पायऱ्या चढता येतात का, वडील काय करतात. मी लिहिलं, शेतकरी आहेत, ज्वारी, बाजरी, थोडं डाळिंब, आमचा भाग दुष्काळी. अर्ध्या तासाने त्यांचा मेसेज आला, की मग चिचेन इत्सा राहू दे, मी तुम्हाला उश्माल आणि काबा या जुन्या माया शहरांत नेतो, तुमच्या वडिलांना ते जास्त कळेल. हा मेसेज मी दोनतीनदा वाचला. तिथेच माझं ठरलं. पैसे ग्रुप टूरच्या माणशी दराच्या जवळजवळ तिप्पट पडले, पण ते काय मिळालं त्यापुढे मला आजही जास्त वाटत नाहीत.

सकाळी सव्वासहाला गाडी दारात. आमच्या गाइडचं नाव मी इथे लिहीत नाही, अण्णा त्यांना पहिल्या पाच मिनिटांपासून पाव्हणं म्हणायला लागले आणि त्यांना ते नाव आवडलं, त्याचा अर्थ मी सांगितल्यावर जास्तच आवडलं. मग मीही पाव्हणंच म्हणते. अण्णा पुढे बसले, मी आणि आई मागे, आणि मी दिवसभर दुभाषी. उमान गाव मागे टाकलं आणि रस्त्याच्या कडेला अण्णांना ओळखीचं झाड दिसलं. घायपात! बांधावर लावतो ते घायपात, ज्याचे दोर वळायचे. पाव्हण्यांनी गाडी हळू केली आणि सांगितलं की हे एनेकेन, याच्या वाखावर शंभर वर्षांपूर्वी हा सगळा मुलूख श्रीमंत झाला होता, म्हणजे जमीनदार श्रीमंत झाले, राबणारे माया मजूर कर्जात पिढ्यानपिढ्या बांधलेले राहिले. वाख सिसल नावाच्या बंदरातून जहाजांवर चढायचा म्हणून जगभर त्याला सिसल म्हणायला लागले. याश्कोपोइल नावाच्या जुन्या हवेलीच्या दारात दोन मिनिटं थांबलो, कमान बघितली, अण्णांनी घायपाताच्या पानाचं टोक बोटाने चाचपलं आणि निघालो.

वाटेत मला एक गोष्ट खटकत होती ती अण्णांनीच बोलून दाखवली, की आरं एवढं चाललोय पण एक वढा न्हाई, नदी न्हाई, पूल न्हाई. खरंच नव्हता. पाव्हण्यांनी सांगितलं की युकातानच्या या उत्तरेकडच्या भागात जमिनीवरून वाहणारी नदीच नाही. खाली सगळा चुनखडी दगड, पाऊस पडला की पाणी चाळणीतून गेल्यासारखं खाली जातं. मेरिदाच्या बाजूला कुठे कुठे ही चुनखडीची छत कोसळून नैसर्गिक विहिरी झाल्यात, त्यांना सेनोते म्हणतात, चिचेन इत्सा तशा सेनोतेंच्या आधाराने उभं राहिलं. पण मुना गाव आलं की चढण लागते, हा पुउकचा डोंगर. डोंगर म्हणजे आपल्या मानाने टेकाडच, पण या सपाट मुलखात तेवढाच उंचवटा. इथून पुढे जमीन चांगली, लाल, कसदार, मका जोरात येतो, आणि पाणी मात्र खोल, साठसत्तर मीटर किंवा त्याहून खाली. सेनोते नाहीत, विहीर खणायची तर लोखंड नाही. अण्णा ऐकत होते. म्हणाले, मंजी रान चांगलं आन पाणी न्हाई. मी ते भाषांतर करून सांगितलं तर पाव्हणं म्हणाले, हो, तुम्ही एका वाक्यात पुउक सांगितलंत.

आठला गेट उघडतं आणि आम्ही आठलाच गेटवर होतो. इथे दोन तिकिटं काढावी लागतात, एक राज्य सरकारचं आणि एक केंद्राच्या पुरातत्त्व खात्याचं, दोन वेगळ्या खिडक्या, हे माहीत नसेल तर गोंधळ होतो. आमच्या पाव्हण्यांनी आम्हाला सावलीत बसवून दोन्ही काढून आणली. सोबत माणशी दोन लिटर पाणी, टोप्या, आईसाठी काठी, आणि तिने पर्समध्ये टाकलेली मीठसाखरेची पुडी.

आत शिरल्यावर समोर झाडीच्या वर पिरॅमिडचं टोक दिसत होतं आणि मी पळतच पुढे निघाले असते, पण पाव्हणं वाटेतच थांबले. जमिनीत एक भोक, दोन हातांच्या कवेत येईल एवढं, दगडाचं गोल तोंड, वर लोखंडी जाळी. त्यांनी काही सांगितलं नाही, फक्त अण्णांकडे बघितलं. अण्णा गुडघ्यावर बसले, मग हात टेकून वाकले, जाळीला डोळा लावला. मोबाइलचा टॉर्च मागितला. आणि म्हणाले, ह्ये तर पेव हाय.

ज्यांना पेव माहीत नाही त्यांच्यासाठी, आपल्याकडे जमिनीत धान्य साठवायचे ती खोल खोली, तोंड अरुंद आणि पोट मोठं, उभ्या सुरईसारखं. सांगलीजवळ हरिपूरला हळदीची पेवं प्रसिद्ध होती. अण्णांच्या आजोबांचं ज्वारीचं पेव होतं, अण्णा लहानपणी दोराने आत उतरायचे. मी हे सगळं सांगितलं, पाव्हण्यांनी मान हलवली, म्हणाले आकार अगदी तोच, पण यात धान्य नाही, यात पाऊस साठवायचे. याला चुल्तून म्हणतात. वरचा सगळा चौक चुन्याने गिलावा केलेला आणि या तोंडाकडे उतरता, पावसाचं सगळं पाणी इकडे वाहत यायचं, आत खडकाला पण जाड चुन्याचा गिलावा म्हणजे पाणी झिरपत नाही. एकेका चुल्तूनमध्ये साधारण तीस हजार लिटरच्या वर पाणी मावायचं. अण्णांनी लगेच हिशेब केला, म्हणजे आपले तीन टँकर. आमच्या गावात उन्हाळ्यात टँकर येतो तो दहा हजार लिटरचा, त्यामुळे आमच्या घरात सगळं पाणी टँकरमध्येच मोजलं जातं.

आणि मग अण्णांनी प्रश्नांची सरबत्ती लावली. गाळ कसा काढायचे? तोंडातून माणूस आत उतरायचा, म्हणूनच तोंड माणसाच्या खांद्याएवढं. एक टाकं किती माणसांना पुरायचं? वीसपंचवीस माणसांना उन्हाळाभर, म्हणजे एका वाड्याला एक. मग एवढ्या मोठ्या गावाला? अशी शेकडो, प्रत्येक अंगणात, प्रत्येक ओट्यावर, आणि शिवाय गावाबाहेर तळी, खालून माती चोपून पाणी धरणारी केलेली, त्यांना अग्वादा म्हणतात. आमच्या शिखर शिंगणापूरला असंच आहे, डोंगरमाथ्यावर शंभूमहादेव आणि पाण्यासाठी मोठा बांधीव तलाव, चैत्रात लोक कावडीने पाणी घेऊन मुंगी घाट चढतात. आई म्हणाली, हितं पण कावड आणत असतील. पाव्हणं म्हणाले, आमच्याकडे बाया घडे कमरेवर घेऊन. त्यांच्याकडे एक प्लास्टिकच्या कव्हरात घातलेली चित्रांची फाइल होती, त्यातलं एक चित्र काढून दाखवलं. १८४० च्या आसपास स्टीफन्स नावाचा अमेरिकन आणि कॅदरवुड नावाचा इंग्रज चित्रकार या भागात फिरले होते, त्यांनी बोलोनचेन गावात एक गुहा बघितली, आत खोल पाणी, आणि तिथे उतरायला लाकडाची प्रचंड मोठी शिडी, तिच्यावर मुंग्यांसारखी माणसं पाण्याचे घडे घेऊन चढताहेत. अण्णांनी ते चित्र खूप वेळ हातात धरलं. १९७२ च्या दुष्काळात ते सतरा वर्षांचे होते, दुष्काळी कामावर खडी फोडायचे, सुकडी आणि अमेरिकेतून आलेली मिलो नावाची लाल ज्वारी खाऊन दिवस काढले, आणि आमची आजी आटलेल्या विहिरीत उतरून वाटीने पाणी भरायची. हे मी लहानपणापासून ऐकलंय पण तिथे, त्या भोकापाशी उभं राहून ते पाव्हण्यांना इंग्रजीत सांगताना माझा आवाज कापायला लागला.

आम्ही त्या एका चुल्तूनपाशी पाऊण तास होतो. शेजारून दोन ग्रुप निघून गेले, त्यांना भोक दिसलंसुद्धा नसेल.

मग पिरॅमिड. याला जादूगाराचा पिरॅमिड म्हणतात, पस्तीस मीटरच्या आसपास उंच, आणि बाकी पिरॅमिडसारखा चौकोनी नाही, कोपरे गोलाकार, अंड्यासारखा बेस. वर चढायला बंदी आहे आणि ते बरंच आहे, नुसत्या पायऱ्या बघून आईने हात जोडले. गोष्ट अशी सांगतात की एका म्हाताऱ्या चेटकिणीला एक अंडं सापडलं, त्यातून बुटका मुलगा निघाला, आणि राजाने पैज लावली म्हणून त्याने हे एका रात्रीत बांधलं. आईला गोष्ट पटली, पांडवांनी एका रात्रीत बांधलेली देवळं तिला चारपाच माहीत आहेत. खरं म्हणजे हे पाच टप्प्यांत बांधलंय, एकावर एक, जुनं आत ठेवून नवं बाहेरून. उश्माल या नावाचाच अर्थ तीनदा बांधलेलं असा लावतात.

पायऱ्यांच्या दोन्ही बाजूंना एकावर एक रचलेले मुखवटे आहेत, गोल डोळे, दात, आणि हत्तीच्या सोंडेसारखं वळलेलं लांब नाक. आईने ताबडतोब हात जोडले, तिला गणपतीच वाटला. पाव्हणं हसले नाहीत, त्यांनी नीट सांगितलं की हा चाक, पावसाचा देव, हातात कुऱ्हाड घेऊन ढगांवर मारतो म्हणून वीज आणि पाऊस. चाक, लिहायला आपल्या गाडीच्या चाकासारखंच, पण च चहातला. अण्णा म्हणाले एवढं दगड आणाय गाड्या किती लागल्या असतील, तर कळलं की गाड्या नव्हत्याच. गाडीला चाक नाही, ओढायला बैल नाही, घोडा नाही, छिन्नी लोखंडाची नाही. सगळा दगड माणसाच्या पाठीवर, कपाळाला पट्टा लावून, आणि घडवायचा तो दगडानेच. हे ऐकल्यावर मग आम्ही ते नक्षीकाम वेगळ्या नजरेने बघायला लागलो.

तिथून मागे गेलं की चार बाजूंना चार लांब इमारती आणि मधे मोठं अंगण, स्पॅनिश लोकांना ते त्यांच्या जोगिणींच्या मठासारखं वाटलं म्हणून त्यांनी तेच नाव ठेवलं, इथे मठबिठ कधी नव्हता. खालची अर्धी भिंत एकदम साधी, गुळगुळीत, आणि वरच्या अर्ध्यात मात्र जाळी, साप, मुखवटे, सगळं छोट्या छोट्या घडीव दगडांची तुकडेजोड करून. ही पुउकची पद्धत. मला सगळ्यात आवडलं ते दक्षिणेकडच्या इमारतीवरचं, प्रत्येक दाराच्या वर दगडात एक छोटी झोपडी कोरलीय, शाकारलेलं छप्पर, मधे दार. एवढ्या मोठ्या राजाच्या इमारतीवर झोपडी. पाव्हणं म्हणाले, माझ्या आईचं घर अजून असंच आहे, ताडाच्या पानांचं छप्पर, दोन्ही टोकं गोल, आत झोळ्या टांगलेल्या, आज संध्याकाळी गावाला गेलो की मी त्यातच झोपणार. अकराशे वर्षं म्हणतोय आपण. माया लोक संपले, गायब झाले असं आपण सर्रास वाचतो ना, आणि समोर हा माणूस उभा राहून सांगतोय की हे माझ्या आईचं घर. त्याच्या फोनवर बहिणीचा कॉल आला तर तो मायामध्येच बोलत होता. मी तेव्हापासून गायब झालेली संस्कृती हा शब्द वापरणं सोडलंय.

साडेनऊलाच ऊन चटके द्यायला लागलं. राज्यपालाचा वाडा म्हणतात ती इमारत उंच ओट्यावर आहे, तिकडे चढताना आईला गरगरलं. ती बसली, तोंड पांढरं पडलं, मी घाबरले. पाव्हण्यांनी शांतपणे तिला झाडाखाली नेलं, पाण्यात मीठसाखर घालून घोट घोट पाजलं, टोपी ओली करून डोक्यावर ठेवली आणि म्हणाले, घाई नाही, वाडा अकराशे वर्षं थांबलाय. अर्धा तास आम्ही तिथेच बसलो, समोर इग्वाना उन्हात पडलेले, भलेमोठे, आईला घोरपड वाटली. ग्रुपमध्ये असतो तर काय झालं असतं याचा मी विचार करत होते, बस अमुक वाजता सुटणार आणि आई झाडाखाली. प्रायव्हेट घेतल्याचे पैसे त्या अर्ध्या तासातच वसूल झाले. नंतर त्यांनी कमी चढाच्या बाजूने आम्हाला वर नेलं.

आणि वाडा! जवळजवळ शंभर मीटर लांब, एका रेषेत, वरच्या पट्ट्यात सुमारे वीस हजार घडीव दगड बसवलेत असं सांगतात. दारांच्या आत सावलीत गेलं की वरती कमान अशी की दोन्ही भिंतींचे दगड थोडेथोडे पुढे सरकत वर जाऊन जवळ येतात, वर झाकणाचा दगड. आपल्या हेमाडपंती देवळांच्या छतात दगड असेच पुढे काढत नेलेले असतात, मी आईला दाखवलं. इथल्या दारांवर लाकडी तुळया होत्या, त्या कसल्या लाकडाच्या माहितेय का, चिकूच्या! चिकू मूळचा इकडचाच, आणि लाकूड इतकं टणक की शेकडो वर्षं टिकलं. स्टीफन्सने यातली एक कोरीव तुळई काढून न्यूयॉर्कला नेली आणि १८४२ मध्ये तिथे लागलेल्या आगीत ती जळून गेली. जवळजवळ हजार वर्षं टिकली आणि तिकडे नेल्यावर जळाली. मला फार वाईट वाटलं हे ऐकून.

मुखवट्यांच्या डोळ्यांखाली इथे एक खूण कोरलीय, ती शुक्राची. माया लोक शुक्र फार बारकाईने बघायचे, ५८४ दिवसांचं त्याचं एक चक्र, अशी पाच चक्रं झाली की आपली आठ वर्षं होतात, हे सगळं त्यांनी नुसत्या डोळ्यांनी मोजलेलं. ही इमारतच शुक्राच्या हिशेबाने तिरकी बसवलीय असं अभ्यासक मानतात. अण्णांना याचं काहीच नवल वाटलं नाही. म्हणाले, चांदणी उगवली की मोट जुपायची, घड्याळ कुणाकडं हुतं.

खालच्या बाजूला एक छोटी, अगदी साधी इमारत आहे, वरच्या कंगोऱ्यावर ओळीने दगडी कासवं. कासवं का, तर पाऊस लांबला की कासव रडतं, आणि त्याचं रडणं चाकला ऐकू जातं, अशी समजूत. आई तिथे बराच वेळ बसली होती, सावलीत, कासवांकडे बघत.

जेवायला सांता एलेना गावात. आईचं काय होणार ही माझी काळजी होती, पण पाव्हण्यांनी आदल्या दिवशीच सांगून ठेवलं होतं. भोपळ्याच्या बिया भाजून वाटलेल्या, त्यात भाजलेला टोमॅटो, कोथिंबीर, याला सिकिल पाक म्हणतात, आणि गरम गरम मक्याच्या तोर्तिया, शिवाय काळा घेवडा. आई म्हणाली ही तर आपली चटणीभाकरी. ती उठून चुलीपाशीच गेली, तिथल्या बाई हातावर तोर्तिया थापत होत्या, आईने एक थापून दाखवली आणि दोघी हसत सुटल्या, भाषेचं काही अडलं नाही. मका आधी चुन्याच्या पाण्यात शिजवतात, मग वाटतात, हे बघून आई चकित. भिंतीला चुना, टाक्याला चुना, भाकरीला पण चुना. अण्णांनी चिकन घेतलं आणि आबानेरो मिरची चाटून बघितली, दोन मिनिटं बोलले नाहीत.

दुपारी काबा. इथे गर्दी जवळजवळ नाहीच, आम्ही आणि एक जर्मन जोडपं. एक इमारत आहे, कोद्झ पोप नावाची, तिची पूर्ण भिंत, खालपासून वरपर्यंत, फक्त चाकच्या मुखवट्यांची. अडीचशेच्या वर. एकाला लागून एक, डोळे, नाक, दात, डोळे, नाक, दात. आतल्या एका दारात तर मुखवट्याचं वळलेलं नाकच पायरी म्हणून ठेवलंय. आणि समोरच्या ओट्यात परत चुल्तूनचं तोंड. अण्णा त्या भिंतीसमोर उभे राहिले आणि हळूच म्हणाले, किती मागितलंय गं ह्यांनी पाणी. पाव्हण्यांनी मला विचारलं काय म्हणाले, मी सांगितलं, तेही गप्प झाले.

मग सावलीत बसल्यावर त्यांनी सांगितलं की त्यांच्या गावात अजून चाचाक होतो, म्हणजे चाकला बोलावणं. पाऊस लांबला की गावातली पुरुषमंडळी रानात जमतात, कोवळ्या फांद्यांचा मांडव, त्यात वेदी, गावचा जाणता पुजारी मंत्र म्हणतो, जमिनीत खड्डा करून त्यात मक्याचे जाड रोट भाजतात. आणि वेदीच्या चार पायांपाशी चार लहान मुलं बसवतात, ती बेडूक होतात आणि डरावडराव ओरडतात. ते स्वतः लहानपणी दोनदा बेडूक झाले होते.

मी हे मराठीत सांगत होते आणि बेडूक शब्द आला तसे आई आणि अण्णा एकदमच बोलायला लागले. धोंडी! आमच्याकडे पाऊस लांबला की पोरं धोंडी काढतात, मुसळाला कडुनिंबाचा पाला गुंडाळायचा, त्यात बेडूक बांधायचा, दोघांनी खांद्यावर घ्यायचं आणि दारोदार जायचं, घरातली बाई तांब्याभर पाणी ओतते, धान्य वाढते, पोरं गाणं म्हणत भिजतात. अण्णांनी उभं राहून, आईची काठी खांद्यावर घेऊन, कसं चालायचं ते करून दाखवलं. पाव्हणं म्हणाले परत सांगा, बेडूक कुठे बांधायचा, आणि त्यांनी त्यांच्या वहीत लिहून घेतलं, मुसळाचं चित्र काढून घेतलं. त्यांनी आम्हाला एक गोष्ट सांगितली, १९७५ साली इंग्लंडची राणी उश्मालला आली होती, रात्रीच्या लाइटसाउंड शोच्या उद्घाटनाला, ऐन कोरड्या दिवसांत, आणि शोमध्ये चाकची प्रार्थना लागली तशी धो धो पाऊस आला. आईला त्यात आश्चर्य वाटलंच नाही. मनापासून म्हटल्यावर येणारच की, एवढंच म्हणाली.

परत येताना रस्त्याच्या दोन्ही बाजूंना धूर होता. मिल्पाची रानं, तोडून जाळलेली, राख पसरलेली, पहिल्या पावसाची वाट बघत. पाऊस झाला की टोकदार काठीने भोक पाडून मका, घेवडा, भोपळा एकत्र टोकायचा. टोकणी, अगदी आपली. अण्णांनी गाडी थांबवायला लावली, उतरून माती हातात घेतली, चुरगळली, परत टाकली. पाचला गेस्टहाऊसच्या दारात. मी ठरल्यापेक्षा थोडे जास्त पैसे दिले, आईने पिशवीतून शेंगदाण्याच्या लाडवांचा डबा काढून दिला, आणि पाव्हण्यांनी आम्हाला मायामध्ये धन्यवाद कसं म्हणायचं ते शिकवलं, द्योस बोतिक. अण्णा अजून फोन ठेवताना मधेच म्हणतात.

घरी आल्यावर मी वाचत बसले की ही गावं ओस का पडली. पुउकची ही शहरं इसवी सन ९०० च्या आसपास ऐन भरात होती आणि पुढच्या शंभरएक वर्षांत रिकामी होत गेली. कारणं एकच नाही, लढाया, राजांची भांडणं, सगळंच, पण युकातानमधल्या चिचानकानाब नावाच्या तलावाच्या गाळात त्या काळातले जिप्सम नावाच्या क्षाराचे थर सापडलेत, तलाव आटला की जिप्सम खाली बसतो. आणि २०२५ मध्ये एका गुहेतल्या चुनखडीच्या खांबावरून निघालेला अभ्यास वाचला, ८७१ ते १०२१ या काळात पावसाळाच कोरडा गेल्याचे आठ दुष्काळ, प्रत्येक कमीत कमी तीन वर्षांचा, आणि एक तर सलग तेरा वर्षांचा. तोवर अण्णा गावी परतले होते, त्यांना फोनवर सांगितलं. ते बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, तीन टँकरचं टाकं तेरा वर्सं कुटं पुरतंय.

त्या वर्षी जूनमध्ये, ते अजून माझ्याकडेच होते तेव्हा, सकाळी चहा पिताना अण्णा म्हणाले, त्या पाव्हण्याला इचार की, पाऊस झाला का. मी मेसेज टाकला. दुपारी उत्तर आलं, रविवारी झाला, चांगला झाला, मका टोकून झाला, आणि तुमच्याकडे? अण्णांनी गावाला चुलत्यांना फोन लावला, विचारलं, आणि मग मला म्हणाले, लिही, आमच्याकडं अजून न्हाई.